चौथी सही

"आज मला अगदी आर्यनच्या मुंजीसारखं वाटतंय," पोह्यांवर लिंबू पिळत साधना म्हणाली. "पोटात गोळा, आणि तरी भूक सपाटून."

तिची मैत्रीण ऋता सबनीस खिडकीपाशी उभी राहून साडीच्या निऱ्या सारख्या करत होती. ती हसली. आज अकरा ते बाराच्या दरम्यान तिला जवळच्या शाळेत जाऊन उमेदवारी अर्ज द्यायचा होता. अर्ज स्वीकारला गेला, तर ती सिंगापूरच्या संसदेच्या निवडणुकीतली अपक्ष उमेदवार. नाही गेला, तर घरी बसलेली एक नटी.

घरी बसलेली, हे अक्षरशः खरं होतं. एका शाळेवरच्या इंग्रजी मालिकेत अकरा वर्षं ती मुख्याध्यापिका होती, मिसेस नायर. इथल्या इंग्रजी टीव्हीवर भारतीय बाई म्हणजे नायर नाहीतर पिल्लै. सबनीस हे आडनाव कुठल्या लेखकाला कधी सुचलं नाही. तिनं मालिका सोडते म्हणून सांगितलं तेव्हा निर्माता म्हणाला, "मिसेस नायरना लांबच्या सुट्टीवर पाठवू. हरलीस की परत ये." ऋतानंच हट्ट धरला, की त्यांना मारून टाका. दार किलकिलं ठेवलं तर आपण त्यातून परत शिरू, हे तिला स्वतःबद्दल पक्कं ठाऊक होतं. मग शाळेच्या वार्षिक समारंभात, हातात माइक असताना, मिसेस नायर कोसळल्या. बिल्डिंगमधल्या चिनी आज्या ऋताला लिफ्टमध्ये बघून डोळे पुसू लागल्या. परतीचे दोर तिनं असे स्वतःच्या हातानं कापले होते.

हे वेड डोक्यात शिरलं होतं ते एका बसमुळे. वस्तीतून एमआरटीच्या, म्हणजे मेट्रोच्या, स्टेशनला जाणारी छोटी बस बंद व्हायची होती. त्याबद्दल खाली मोकळ्या जागेत सभा भरली, आणि सगळे चिडीचूप बसलेले बघून ऋता उठली. पाचसात मिनिटं बोलली. खाली बसल्यावर तिच्या लक्षात आलं, की मघाची वाक्यं आपल्याला कुणीही लिहून दिलेली नव्हती. त्या रात्री तिला झोप लागली नाही, इतका आनंद झाला होता.

"अहो, मला पण वाढा," ऋता म्हणाली.

निशिकांत कढई घेऊनच बाहेर आला. तिचा नवरा तुआसला जहाजदुरुस्तीच्या कंपनीत इंजिनिअर होता. पासपोर्ट त्यानं अजून भारताचा ठेवला होता, त्यामुळे बायकोचं एक पत्रकसुद्धा वाटायला त्याला कायद्यानं बंदी होती. "मी फक्त पोहे करणार," तो म्हणाला. "वकीलसाहेब, पोहे प्रचारात येतात का?"

"शेंगदाणे नसतील तर नाही येत," सुबोध म्हणाला.

सुबोध ऋताचा शाळासोबती. पेशानं वकील, आणि आता तिचा निवडणूक प्रतिनिधी. सगळ्यांत कठीण काम त्यानं आधीच सांगून ठेवलं होतं: अर्जाला सहा सह्या लागतात. एक सूचक, एक अनुमोदक आणि संमती देणारे चार. सहाही जण याच मतदारसंघाच्या यादीतले हवेत, आणि अर्ज देताना समक्ष उभे हवेत. ऋताला वाटलं होतं, त्यात काय! अख्खा मतदारसंघ तिला ओळखत होता. ती दारोदार गेली. लोकांनी चहा दिला, पोरांना बोलावून फोटो काढून घेतले. पण सहीचं नाव काढलं, की प्रत्येकाच्या घरात गॅसवर काहीतरी करपायला लागायचं. सत्तेतल्या पक्षाच्या विरोधात, तेही जाहीर? महिनाभर हिंडून सहा सह्या जमल्या. सुबोध सूचक, हॉकर सेंटरमधल्या खाण्याच्या टपऱ्यांतली कॉफीवाली आंटी अनुमोदक, तीन शेजारी आणि चौथी साधना. सातवी, म्हणजे हाताशी एक जास्तीची, काही मिळाली नाही.

"काय गं, मुंज कधी झाली म्हणालीस?" सुबोधनं सहज विचारलं.

"माझ्या भाच्याची ना? मे महिन्यात. पुण्याचं ऊन म्हणजे, बाप रे! पण मावशी मुंजीला नाही म्हणजे काय? महिनाभर रजा टाकून गेले. इथे तुमची मागची निवडणूक चालली होती, आणि मी तिकडे भिक्षावळीत नाचत होते."

सुबोधचा चमचा ताटलीतच राहिला. "मागची निवडणूक? दोन हजार सहाची?"

"हो."

"तेव्हा तू कुठे राहायचीस?"

"पूर्वेला, भाड्याच्या फ्लॅटमध्ये. तिकडे जोरात होती की! दिव्याच्या खांबाखांबावर पोस्टरं."

"म्हणजे तिथे मतदान झालं. आणि तू केलं नाहीस."

"पुण्यातून कशी करणार?"

"नंतर कळवलंस? कारण दिलंस?"

"कुणाला?"

ऋता साडीची पिन हातात धरून वळली. सुबोधच्या चेहऱ्यावरचा रंग उतरला होता. "साधना," तो हळू म्हणाला, "इथे मत दिलं नाही तर यादीतून नाव काढून टाकतात. आपण अर्ज करून परत घालून घेईपर्यंत."

"काढून टाकतात?" साधना हसलीच. "मग आमच्या पुण्यात यादीत उरेल कोण!"

सुबोध फोनवर बोटं चालवत होता. साधनानं आपला ओळखपत्राचा नंबर सांगितला; मग पुन्हा सांगितला, एकेक आकडा सुटा करून. नाव नव्हतं.

"तू तपासलं नव्हतंस?" निशिकांतनं विचारलं.

"बाकीच्यांचं एकूण एक तपासलं," सुबोध म्हणाला. "साधना म्हणजे घरचीच. घरच्या माणसाचं कोण तपासतं?"

साधना पाया लेबार भागातल्या एका कंपनीत ऑडिटर होती. दुसऱ्यांच्या चुका शोधण्याचा तिला पगार मिळे. ती डोळे विस्फारून टेबलाकडे बघत राहिली. "ऋता, मी नागरिक आहे गं. दहा वर्षं झाली. मला वाटलं, नागरिक म्हटलं की झालं."

"रडू नकोस," ऋता म्हणाली. तिचं डोकं विलक्षण स्वच्छ झालं होतं. शूटिंगच्या वेळी कुणीतरी वाक्य विसरलं, की तिचं असंच व्हायचं. "रडण्याचा सीन बारानंतर. सुबोध, अर्जाची कोरी प्रत आहे?"

"आहे. पण माणूस कुठाय?"

सत्तेतल्या पक्षाचा उमेदवार सोडला, तर दुसरा कुणी या जागेवर उभाच नव्हता. ऋताचा अर्ज दाखल झाला नाही, तर बारा वाजता निवडणूक अधिकारी एकच नाव वाचेल आणि जागा बिनविरोध जाईल. आतापर्यंत इथे दर वेळी तेच झालं होतं.

"सातवा मजला," ऋता म्हणाली.

"उल्हासकाका?" निशिकांत दचकला. "ते तर तुझ्याशी बोलतसुद्धा नाहीत."

"अजून तरी त्यांच्याकडे काही करपलेलं नाही. सुबोध, तू बाकीच्यांना घेऊन शाळेत हो पुढे. साधना, तू टॅक्सी बघ."

त्यांच्या जुन्या बिल्डिंगला लिफ्ट होती, पण ती प्रत्येक मजल्यावर थांबत नसे. नवव्यावर थांबे, मग थेट पाचव्यावर. ऋता साडी वर खोचून दोन जिने धडाधडा उतरली. मागे निशिकांत होता, हातात अजून झारा.

उल्हासकाकांनी लाकडी दार उघडलं, पण बाहेरचं लोखंडी फाटक उघडलं नाही. बँकेतून निवृत्त झालेले, कडक इस्त्रीचा शर्ट घरातही घालणारे काका गजांमधून बघत होते.

"काका, एक सही हवीय."

"ऑटोग्राफ तुझा मी घ्यायचा, का माझा तू?"

"थट्टा नाही. माझ्या अर्जावर. आज, आत्ता."

"अगं, मी बावीस वर्षांचा असताना एक ट्रंक घेऊन इथे उतरलो," काका म्हणाले. "घर दिलं या देशानं, पेन्शन दिलं, पोरं शिकवली. आणि मी त्यांच्याविरुद्ध सही करू? तीही टीव्हीवरच्या बाईसाठी?"

ऋतानं गजाला हात लावला. "काका," ती खालच्या, भरल्या आवाजात म्हणाली, "मी तुमच्या मुलीसारखी..."

"थांब. हा मिसेस नायरचा आवाज आहे. त्या मुलाला शाळेतून काढलं त्या दिवशी तू असाच लावला होतास."

ऋताचे कान गरम झाले. खरंच, तोच लागला होता. तिनं गजावरचा हात काढला आणि पदर खांद्यावर नीट घेतला. "बरोबर आहे तुमचं," ती म्हणाली. आता जो आवाज आला तो थोडा किनरा, घाईचा होता. "साधं सांगते. माझी एक सही कमी पडलीय. ती बारापर्यंत मिळाली नाही तर या जागेला मतदान होणार नाही. बिनविरोध. एवढंच आहे."

"मग होऊ दे. चाललंय ते काय वाईट आहे?"

"म्हणजे याही वेळी नाही?"

आवाज आतून आला होता. संजीवनीकाकू मांडीवर परात घेऊन सोफ्यावर बसल्या होत्या. सोललेले वाल एका बाजूला, सालं एका बाजूला. गुडघ्यांमुळे त्या फारशा खाली उतरत नसत. जिने चढून-उतरून लिफ्ट गाठायची म्हणजे त्यांचा दिवस त्यातच जाई. सणासुदीला लिटिल इंडियातून जे आणायचं ते काकाच आणत.

"काय याही वेळी नाही?" काकांनी मागे न बघता विचारलं.

"मत. मी आजवर कधी दिलंय?"

"अगं, पण..."

"लग्न करून आले तेव्हा विसाची होते. तिकडे तेव्हा एकविसाव्या वर्षी देता यायचं. इथली नागरिक झाले, म्हटलं आता देईन. आधीच्या घरी बिनविरोध. इथे आलो, इथेही बिनविरोध. दर वेळी तुम्ही पेपर वाचून सांगता, आपल्याकडे नाही हं यंदा. दिवाळी पुढे ढकलल्यासारखं."

"त्यात मोठंसं काय आहे? एक फुली तर मारायची कागदावर!"

"तुम्ही मारलीय. मुंबईला. बोटाला शाई लावून घरभर मिरवलात, असं सासूबाई सांगायच्या." काकूंनी परात बाजूला ठेवली. "मला मारायचीय."

निशिकांतनं झारा पाठीमागे लपवला.

"संजू, तिथे सगळ्यांसमोर तुझं नाव लागेल," काका म्हणाले. "भिंतीवर कागद लावतात. लोक वाचतील."

"वाचू देत की! माझं नाव मोठ्यानं घेतात ते फक्त पॉलीक्लिनिकमध्ये. ऋता, मी केली सही तर चालेल?"

"काकू, चालेल म्हणजे काय!" मग तिला एकदम साधना आठवली. सकाळचाच प्रकार पुन्हा नको. "पण यादीत नाव... एक मिनिट हं." तिनं सुबोधला फोन लावला, काकूंनी नंबर पाठ म्हटला.

"आहे!" सुबोध फोनवर ओरडला. "असणारच! इथे मतदानच झालं नाही कधी, तर नाव काढणार कशाबद्दल? आण त्यांना, उचलून आण!"

उचलून आणणं सोपं नव्हतं, कारण काकू गाऊनवर यायला तयार नव्हत्या. "सरकारी कामाला गाऊन? लोक काय म्हणतील!" त्या आत गेल्या आणि दार लावून घेतलं. ऋता बाहेर येरझाऱ्या घालू लागली. काका खुर्चीत बसून होते. आतून कपाटाचा आवाज आला, मग बराच वेळ काही नाही.

"काकू, सापडली का साडी?"

"सापडली गं. फॉल सुटलाय."

"असू दे सुटलेला!"

काकू बाहेर आल्या त्या जांभळ्या इरकलीत, डोक्याला खोबरेल तेलाचा हात फिरवून. त्यांनी काकांपुढे तळवा धरला. "माझं ओळखपत्र द्या."

दोघांची ओळखपत्रं कित्येक वर्षं काकांच्याच पाकिटात असत. काकांनी पाकीट काढलं, उघडलं, कार्ड अर्धं वर ओढलं आणि तसेच थांबले. बोलायला ऋताकडे पुष्कळ होतं, पण कुठला आवाज लागेल याची तिला खात्री नव्हती.

"तुमच्या सरकारविरुद्ध नाही मी सही करत," काकू म्हणाल्या. "मतदान व्हावं म्हणून करतेय. तुम्ही खुशाल तुमच्या माणसाला द्या की मत! नाहीतरी तुम्ही इथे कुठे दिलंय?"

हे काकांच्या हिशेबात आलं नव्हतं. "खरंच, इथे नाही दिलेलं," ते स्वतःशीच पुटपुटले. मग कार्ड काकूंच्या हातात ठेवून उठले आणि बूट शोधू लागले. "चल. एकटी गेलीस तर रस्ता चुकशील."

सातव्यावरून पाचव्यावर उतरायचं होतं. काकू कठड्याला धरून एकेक पायरी घेत होत्या. एका बाजूनं ऋता, दुसऱ्या बाजूनं निशिकांत.

"मी धरलं तर चालेल ना?" निशिकांतनं विचारलं. "परदेशी माणूस आहे मी. प्रचारात नको यायला."

"हा प्रचार नाही, जिना आहे," काका मागून गुरगुरले. "नीट धर!"

मधल्या वळणावर काकू थांबल्या. धाप लागली होती. "ऋता, किती वेळ उरलाय?"

"भरपूर," ऋतानं सांगितलं. अकरा वर्षांच्या अभिनयात हे वाक्य तिला सगळ्यांत चांगलं जमलं होतं.

खाली साधना टॅक्सी अडवून, दार उघडं धरून अक्षरशः रस्त्याच्या मधोमध उभी होती. निशिकांत तिथेच थांबला आणि झारा हलवून निरोप देऊ लागला. टॅक्सीवाल्या चिनी अंकलनं आरशातून मागे बघितलं. "अय्या! मिसेस नायर! यू डाय ऑलरेडी, व्हॉट?"

"कम बॅक लाह, अंकल," ऋता म्हणाली. "प्लीज, फास्ट!"

त्यानं खरोखरच फास्ट नेली. एका सिग्नलला हिरवा दिवा यायला इतका वेळ लागला, की साधना पुढच्या सीटवर बसून मोठ्यानं रामरक्षा म्हणू लागली. काका खिडकीबाहेर बघत होते. काकू मात्र एखादी मुलगी सहलीला निघावी तशा ताठ बसल्या होत्या, आणि दर वळणावर "इथे किती बदललंय!" म्हणत होत्या.

शाळेच्या फाटकाशी गर्दी होती. सत्तेतल्या पक्षाचे पांढऱ्या शर्टांतले समर्थक एका बाजूला शिस्तीत उभे, दुसऱ्या बाजूला तमाशा बघायला आलेले. कॅमेरे ऋताकडे वळले. एरवी कॅमेरा वळला की तिची मान आपोआप उजवीकडे झुके. आज तिनं कॅमेऱ्यांकडे पाठ केली आणि काकूंसाठी वाट काढत निघाली. सुबोध पायऱ्यांवरून दोन्ही हात हलवत होता.

आत लांब टेबलं मांडली होती. कॉफीवाली आंटी आणि तिघे शेजारी शाळेच्या पोरांसारखे ओळीनं बसले होते. पाच सह्या झाल्या. मग सुबोधनं कोऱ्या जागेवर बोट ठेवलं.

काकूंनी पेन घेतलं. "मराठीत केली तर चालेल का, विचार गं. इंग्रजी सही मला लावून लावून करावी लागते."

ऋतानं विचारलं. टेबलामागच्या तरुण चिनी बाईनं एकवार घड्याळाकडे आणि एकवार काकूंकडे बघितलं. "कॅन, आंटी, कॅन. टेक यूअर टाइम."

टाइम नव्हता. पण काकूंनी तो घेतला. 'संजीवनी उल्हास टिळेकर', प्रत्येक वेलांटी पुरी करून, शेवटी वर एक सरळ रेघ ओढून. साधनानं डोळे गच्च मिटून घेतले होते. मग ऋता उभी राहिली आणि अर्जातली शपथ तिनं आपल्याच किनऱ्या, घाईच्या आवाजात घेतली.

अर्ज भिंतीवर लागला. समोरचे उमेदवार, एक मृदू बोलणारे डॉक्टर, आणि त्यांचे प्रतिनिधी जवळ जाऊन ओळ न् ओळ वाचू लागले. मराठी सहीपाशी ते थबकले. आपसांत काही बोलले. सुबोधनं टाय सैल केला. मग डॉक्टर वळले, काकूंपाशी आले आणि किंचित वाकून म्हणाले, "ब्यूटिफुल सिग्नेचर, मॅडम." हरकत घेतली गेली नाही.

निवडणूक अधिकारी माइकपाशी आला. त्यानं एक नाव वाचलं आणि थांबला. मग दुसरं वाचलं: ऋता सबनीस. या मतदारसंघात मतदान होईल, असं तो सपाट आवाजात म्हणाला, जणू लिफ्टचा मजला सांगत होता. बाहेर जो गलका उठला तो दोन्ही बाजूंचा होता. ज्यांनी सह्या दिल्या नव्हत्या तेही ओरडत होते. साधनानं कॉफीवाल्या आंटीला मिठी मारली. रडण्याचा सीन चालू झाला होता.

"ऋता, माइक!" सुबोध हाक मारत होता. "दोन मिनिटं बोलायचंय, चल!"

ऋता आधी काकूंकडे धावली. वाकून पायाला हात लावला. "काकू, तुमचे उपकार कसे फेडू? आता एक मत तरी माझं पक्कं झालं!"

"कुणी सांगितलं?" काकू म्हणाल्या.

ऋतानं वाकल्या वाकल्याच मान वर केली.

"सही मतदानासाठी केली. मत कुणाला, ते मला ठरवू दे की! इतकी वर्षं थांबलेय, आता घाईनं कशाला देऊ?" त्यांनी डॉक्टरांच्या दिशेला मान केली. "त्यांचंही ऐकणार आहे मी. माणूस सभ्य वाटतो."

उल्हासकाका प्रथमच हसले, अगदी मोठ्यानं. "बघ! मी म्हणतच होतो, चाललंय ते काय वाईट आहे!"

"तुम्ही गप्प बसा. तुम्हालाही मी विचारणार आहे, का देताय म्हणून." काकू भिंतीलगतच्या बाकावर टेकल्या, गुडघे चोळले आणि शेजारची जागा थोपटली. "ये, बस. तू निवडून आलीस तर काय करशील, ते पहिल्यापासून सांग. आणि माझ्याशी बोलताना तो नायरबाईंचा आवाज नको."

माइकपाशी सुबोध घड्याळाकडे बोट दाखवत होता. ऋतानं त्याला हातानंच थांब म्हटलं, पदर सावरला आणि बाकावर बसली. तिला इतकं हसू येत होतं, की सुरुवात कुठून करावी हेच कळेना.

"काकू," ती म्हणाली, "आधी लिफ्टपासून सुरू करू का?"

"लिफ्टचं सगळेच बोलतील," काकू म्हणाल्या. "कशी करणार, ते सांग."